कलाकार थांबतो तेव्हा कॅमेऱ्याने काय करावे?

तुमचा प्रश्न मी शांतपणे दोनदा वाचला. लाकडात काम करणाऱ्या एका ज्येष्ठ आणि मितभाषी शिल्पकारांवर तुम्ही 40 मिनिटांचा माहितीपट करत आहात, 26 तासांचे चित्रीकरण हाताशी आहे आणि संकलनाला बसल्यावर काम अडले आहे. त्यांच्या कामाचे लांब, अबोल शॉट ठेवले की पाहणारे चुळबुळ करतात. ते छाटून मुलाखती वाढवल्या की व्याख्यान ऐकल्यासारखे वाटते. आणि संगीत घातले की त्याची जाहिरात होते. त्यात भर म्हणजे ज्या शिल्पाभोवती सगळी आखणी केली होती ते त्यांनी मध्येच सोडून दिले, त्यामुळे शेवट कशावर करायचा हेही कळेनासे झाले आहे. चिंतनशील माहितीपट म्हणजे नेमके काय आणि तो कंटाळवाणा होऊ नये म्हणून काय करावे, असे तुम्ही विचारले आहे.

माझ्या मते तुमची अडचण गतीची नाही. शॉट 10 सेकंदांचा असो की 2 मिनिटांचा, समोरचा माणूस कशासाठी थांबला आहे हे प्रेक्षकाला कळत असेल तर तोही त्याच्यासोबत थांबतो, आणि कळत नसेल तर 10 सेकंदसुद्धा जड जातात. संथ कॅमेरा, मंद प्रकाश, खिडकीतून येणारी तिरीप यांनाच आपण चिंतनशीलता समजून बसतो. मला मात्र इतक्या वर्षांच्या कामानंतर असे वाटते की कलाकार जिथे निर्णय घेतो तिथे प्रेक्षकाला नेऊन बसवणे, हे या पद्धतीचे खरे काम आहे. संथपणा त्यातून आपोआप येतो, कारण निर्णयाला वेळ लागतो.

काही गोष्टी परिस्थितीवर अवलंबून आहेत, हे आधीच सांगायला हवे. माझा अनुभव प्रामुख्याने चित्रकार आणि शिल्पकारांबरोबरचा आहे, ज्यांचे काम डोळ्यांना दिसते. कवी किंवा संगीतरचनाकार यांच्याबाबतीत निर्णयाचा क्षण बाहेर दिसतच नाही आणि तिथे वेगळे मार्ग शोधावे लागतात. माहितीपट अंधाऱ्या सभागृहात दाखवणार की लोक तो मोबाईलवर पाहणार, यानेही शॉटची लांबी बदलते. आणि सर्वांत महत्त्वाचे म्हणजे कलाकाराला तुमची उपस्थिती कितपत सोसते; ते न जाणता कोणतीही पद्धत लादू नये.

आता एक उदाहरण जरा सविस्तर सांगतो, कारण माझ्या कामाची दिशा त्यानेच बदलली. जलरंगात काम करणाऱ्या एका चित्रकर्तींवर मी माहितीपट करत होतो. त्या कागद पूर्ण ओला करून त्यावर पहिला वॉश, म्हणजे पाण्यात मिसळलेल्या रंगाचा पातळ थर, देत आणि मग कुंचला खाली ठेवून नुसत्या बसून राहत. मध्येच कागद लावलेला बोर्ड डोळ्यांच्या पातळीला उचलून खिडकीच्या दिशेने तिरका धरत, पुन्हा खाली ठेवत, पुन्हा बसत. सुरुवातीला मला ती विश्रांती वाटली. पुढे त्यांनीच दाखवले की ओल्या कागदावर आरशासारखी चकाकी असते, ती हळूहळू मंदावते आणि शेवटी कागद निस्तेज दिसू लागतो. चकाकी पूर्ण असताना रंग टाकला तर तो वाटेल तसा पसरतो. ती मंदावत असताना पाण्याने भरलेला कुंचला टेकवला तर ते जादा पाणी आधीच्या रंगाला मागे ढकलते आणि फुलकोबीच्या कडेसारखा डाग उमटतो. कागद पूर्ण सुकल्यावर रंग लावला तर त्याची कड टोकदार राहते. त्यांना हवी असलेली मऊ कड देणारी वेळ या सगळ्याच्या मधली, फार थोडी असते. त्या बसून राहत ते ती वेळ गाठण्यासाठी.

पहिल्या रफ कटमध्ये, म्हणजे कच्च्या संकलनात, मी त्यांच्या बसण्याचा 1 मिनिट 50 सेकंदांचा शॉट अखंड ठेवला होता. मला तो माहितीपटाचा प्राण वाटत होता. पाहायला बोलावलेल्या दहा-बारा जणांपैकी निम्मे लोक त्या शॉटला खुर्चीत हलू लागले. माझ्या संकलक सहकारी मागे उभ्या होत्या. दिवे लागल्यावर त्यांनी एवढेच विचारले, “त्या काय करताहेत?” मी म्हणालो, “वाट बघताहेत.” त्या म्हणाल्या, “कशाची?” मला ते ठाऊक होते, त्यांनाही ठाऊक होते, पण पडद्यावर ते कुठेच नव्हते.

निवेदनातून ते सांगणे सोपे होते, पण आम्ही तसे केले नाही. दुसऱ्या एका दिवशीच्या चित्रीकरणात त्यांनी घाईने कुंचला टेकवला होता, डाग पसरला होता, आणि काहीही न बोलता त्यांनी तो कागद बाजूला ठेवून दिला होता. तो 14 सेकंदांचा शॉट आम्ही आधी लावला. त्यानंतर अगदी खालच्या कोनातून घेतलेला, कागदावरची चकाकी विरत जातानाचा एक क्लोजअप ठेवला. आणि मग तोच 1 मिनिट 50 सेकंदांचा शॉट, एकही फ्रेम न कापता. पुढच्या वेळी, वेगळ्या प्रेक्षकांसमोर, त्या शॉटला खोलीत एवढी शांतता होती की कुंचल्याचे टोक कागदाला लागल्याचा आवाज मागच्या रांगेपर्यंत ऐकू गेला. शॉट तोच होता. प्रेक्षकाला आता काय चुकू शकते हे माहीत होते, म्हणून तोही चकाकी मंदावण्याची वाट पाहत होता.

तुमच्या शिल्पकारांच्या बाबतीत मी हेच शोधेन. लाकडाला तंतूंची दिशा असते. पटाशी त्या दिशेने चालली की काप स्वच्छ निघतो, उलट चालली की तंतू उचकटतात आणि ओरबाडल्यासारखा पृष्ठभाग राहतो. गाठीजवळ ही दिशा बोटभर अंतरातही फिरते. म्हणून अनुभवी कारागीर लाकूड फिरवतो, किंवा स्वतः वळसा घालून दुसऱ्या बाजूला जातो, किंवा अंगठ्याने पृष्ठभाग चाचपून मगच पटाशी टेकवतो. तुमच्या 26 तासांत असे अंगठ्याने चाचपणे नक्की असणार, आणि कदाचित त्यालाच ‘काही घडत नाही’ म्हणून तुम्ही कापले असेल. तंतू उचकटल्याचा एक शॉट आधी येऊ द्या, म्हणजे पुढचा प्रत्येक अंगठा प्रेक्षक श्वास रोखून पाहील.

यासाठी मी एक साधी गोष्ट करतो. सगळे फुटेज आवाज बंद करून पाहतो आणि वहीत फक्त हात कुठे थांबला त्या वेळा लिहितो. काय बोलले गेले, प्रकाश किती सुंदर होता, यातले काही लिहीत नाही. थांबण्याच्या वेळांची ती यादी तयार झाली की प्रत्येक नोंदीपुढे ‘का?’ असे लिहून उत्तर शोधतो. ज्या थांबण्याचे उत्तर मला देता येत नाही ते घेऊन मी कलाकाराकडे परत जातो आणि त्यांना तो तुकडा दाखवतो. मितभाषी माणसेसुद्धा अशा वेळी बोलतात, कारण प्रश्न त्यांच्या आयुष्याबद्दल नसून हाताबद्दल असतो.

खरे तर हे शिकणे चित्रीकरणाआधी व्हायला हवे. एका पाषाणशिल्पकारांकडे मी कॅमेरा न घेता 9 दिवस जात राहिलो. नवा दगड आला की ते हातोडीने त्यावर ठिकठिकाणी हलकेच ठोकत आणि कान देऊन ऐकत. अखंड दगड घंटेसारखा खणखणीत वाजतो. आत चीर असेल तर आवाज बद्द येतो. एवढे सगळे नीट शिकूनही संकलनात मी त्या दृश्याखाली एक सुंदर, संथ सुरावट घातली, कारण दृश्य मला ‘रिकामे’ वाटले. त्यांनी ते पाहिले आणि शांतपणे म्हणाले, “तुम्ही दगडाचा आवाजच झाकलात.” ती चूक सर्वस्वी माझी होती आणि तिची खंत मला अजूनही आहे. ज्या आवाजावरून ते निर्णय घेत होते तोच मी प्रेक्षकापासून काढून घेतला होता.

तेव्हापासून कलाकार काम करत असताना मी खाली संगीत ठेवत नाही. हा माझा नियम आहे, तो सर्वांनी पाळावा असे नाही. पण लाकडाच्या बाबतीत मी आग्रहाने सांगेन की आवाजाकडे नीट पाहा: धार असलेल्या पटाशीचा आवाज आणि बोथट पटाशीचा आवाज वेगळा येतो, तंतूंच्या दिशेने जाणाऱ्या आणि उलट जाणाऱ्या पटाशीचाही वेगळा येतो, आणि प्रेक्षकाचा कान हा फरक दोन-तीन वेळांतच शिकतो. छातीवर लावलेला लेपल माइक कपड्यांची सळसळ आणि श्वास पकडतो, त्यामुळे कामाच्या मेजाजवळ एक स्वतंत्र माइक ठेवा. आणि दरवेळी निघण्यापूर्वी कोणी न बोलता, न हलता, त्या खोलीचा एक मिनिटभर आवाज मुद्रित करून घ्या. संकलनात शांतता जोडायला तीच उपयोगी पडते, कारण प्रत्येक खोलीची शांतता निराळी असते.

मुलाखतींबद्दल. ‘तुमची प्रेरणा काय?’ या प्रश्नाला बहुतेक कलाकार पूर्वी कुठेतरी दिलेलेच उत्तर देतात. त्याऐवजी ‘ही पटाशी तुमच्याकडे कधीपासून आहे?’ असे विचारून पाहा. आणि शक्य असेल तर ते धार पाजळत असताना विचारा, कारण त्या कामात हात गुंतलेले असतात पण मन मोकळे असते, आणि नजर कॅमेऱ्याऐवजी पात्यावर असल्याने संकोचही कमी होतो. संकलनात मात्र एक काळजी घ्या: हात जे करत आहेत त्याचेच वर्णन त्याच वेळी आवाजात येऊ देऊ नका. कानाने कळले की डोळा पाहणे सोडतो. हात विसावलेले असतील, ते चहा पीत असतील, भुसा झाडत असतील, तिथे त्यांचे बोलणे ठेवा. 40 मिनिटांच्या माहितीपटात मी साधारण 10 मिनिटांपेक्षा जास्त बोलणे ठेवत नाही, पण हे प्रमाण माझ्या कानाचे आहे. तुमचे शिल्पकार एखादी गोष्ट विलक्षण सांगत असतील तर तिला जागा द्या.

निवेदन आले की चिंतन संपले, असाही एक समज आहे आणि तो मला पटत नाही. सत्यजित राय यांनी 1972 साली आपले शांतिनिकेतनमधले गुरू, चित्रकार विनोदबिहारी मुखर्जी यांच्यावर ‘द इनर आय’ हा सुमारे 20 मिनिटांचा माहितीपट केला. मुखर्जींची दृष्टी लहानपणापासून अधू होती आणि मध्यमवयात डोळ्यांच्या शस्त्रक्रियेनंतर ती पूर्ण गेली. तरीही त्यांनी काम थांबवले नाही. राय ही सगळी हकिकत स्वतःच्या आवाजात, अत्यंत संयत शब्दांत सांगतात आणि त्यात एकही विशेषण उगाच येत नाही. पण दृष्टी गेलेल्या माणसाचे हात काम करताना दिसतात तेव्हा त्या हातांना भावनेची भाषा जोडण्याचा मोह त्यांनी टाळला आहे. माहिती कोरडी आणि स्वच्छ असेल तर ती चिंतनाला आधार देते. बाधा आणतात ती दाटलेल्या गळ्याने म्हटलेली वाक्ये.

आता कॅमेऱ्याच्या उपस्थितीचा प्रश्न, जो तुम्ही विचारला नाही पण तुमच्या अडचणीत दडलेला आहे असे मला वाटते. छायाचित्रकार हान्स नामुथ यांनी 1950 साली अमेरिकन चित्रकार जॅक्सन पोलॉक यांना काचेवर चित्र काढायला सांगून काचेखालून चित्रीकरण केले. दृश्य विलक्षण आहे. पण त्याच चित्रपटात पोलॉक सांगतात की काचेवरच्या पहिल्या चित्राशी त्यांचा संपर्क तुटला आणि त्यांनी दुसरे सुरू केले. चित्रीकरणाच्या शेवटच्या दिवशी, दोनेक वर्षांच्या खंडानंतर, त्यांनी पुन्हा मद्य घेतले, हेही त्यांच्या चरित्रांत नोंदलेले आहे. एवढ्यावरून कॅमेऱ्याला दोषी ठरवणे न्याय्य होणार नाही. तरीही काच ही चित्रकाराची गरज नव्हती, ती कॅमेऱ्याची होती, आणि कॅमेऱ्याच्या गरजा कलाकाराच्या कामात शिरू लागल्या की आपण जे पाहायला गेलो होतो तेच बदलते, एवढे त्यातून मी घेतो.

एकदा मीही त्या चित्रकर्तींना, फोकस चुकल्यामुळे, तोच फटकारा दुसऱ्या कागदावर पुन्हा मारायला विनंती केली होती. त्यांनी मारला. पडद्यावर दोन्ही शेजारी ठेवून पाहिले तेव्हा पहिल्यात कुंचला कागदापासून बोटभर अंतरावर क्षणभर थरथरतो आणि मग उतरतो; दुसऱ्यात तो सरळ उतरतो, कारण कुठे जायचे हे हाताला आधीच ठाऊक होते. आम्ही फोकस चुकलेला शॉटच वापरला. त्यानंतर कोणालाही ‘पुन्हा एकदा करा’ असे मी म्हटलेले नाही. शक्यतो रोज त्याच जागी बसावे, तीच लेन्स ठेवावी, उठून फिरू नये. चौथ्या-पाचव्या दिवशी कॅमेरा खोलीतल्या स्टुलासारखा होतो.

तांत्रिक बाबी थोडक्यात: व्हाइट बॅलन्स (कॅमेऱ्याचा रंगांचा तोल) आणि एक्स्पोजर (आत घेतल्या जाणाऱ्या प्रकाशाचे प्रमाण) हाताने ठरवून कायम ठेवा, कारण स्वयंचलित कॅमेरा लाकडाचा रंग प्रत्येक शॉटला वेगळा दाखवतो. आणि फुटेज कमी घ्या. 16 मिलिमीटर फिल्मचे 400 फुटांचे रीळ 24 फ्रेमच्या गतीने साधारण 11 मिनिटे चालत असे, त्यामुळे कॅमेरा सुरू करण्यापूर्वी आपण कशाची वाट पाहत आहोत हे ठरवावेच लागे. ती शिस्त आज आपल्याला स्वतःहून आणावी लागते.

कट कुठे द्यावा, याबद्दल एकच गोष्ट सांगतो, कारण तिथे मला सर्वाधिक घाई दिसते. काम करून झाल्यावर कलाकार दोन पावले मागे जातो आणि पाहतो. आपण तिथे लगेच शिल्पाचा शॉट लावतो आणि तीन सेकंदांत पुढे सरकतो. त्यांनी 20 सेकंद पाहिले असेल तर प्रेक्षकालाही तेवढाच वेळ द्या, आणि मग त्यांच्या चेहऱ्यावर परत या. पाहणे हेसुद्धा काम आहे. कित्येक कलाकारांच्या दिवसाचा मोठा भाग त्यातच जातो.

राहिला शेवट. स्पॅनिश दिग्दर्शक व्हिक्तोर एरिसे यांनी 1992 च्या एका चित्रपटात चित्रकार आंतोनियो लोपेस यांना आपल्या अंगणातले एक फळझाड रंगवताना दाखवले आहे. शरद ऋतू सरकतो, ऊन आणि पाऊस बदलतात, फळे जडावून खाली येतात. लोपेस रंगचित्र सोडून देतात, रेखाटन सुरू करतात, आणि तेही पुरे होत नाही. दोन तासांहून मोठा हा चित्रपट त्या अपूर्णतेमुळे उणा वाटत नाही, कारण झाड थांबणार नाही हे आपण पहिल्यापासून त्यांच्यासोबत पाहत आलेलो असतो. तुमच्याकडेही तसे होऊ शकते. पण काम का सोडले, यावर बरेच अवलंबून आहे. लाकूड आतून तडकले असेल तर ती कथा लाकडाची आहे आणि ती दाखवता येईल. प्रकृतीमुळे किंवा घरच्या एखाद्या दुःखामुळे सोडले असेल तर आधी कॅमेरा बाजूला ठेवून त्यांच्याशी बोला, आणि त्यांना ते बाहेर यायला नको असेल तर विषय तिथेच सोडा. माहितीपट कोणालाही दाखवण्यापूर्वी त्यांना एकट्याने पाहू द्या, आणि एखादा शॉट काढा म्हणाले तर कारण न विचारता काढा.

कारण कोणतेही असो, एकदा परत जाऊन या. मुलाखत घेऊ नका. ते अर्धवट शिल्प आता कुठे आहे तेवढे पाहा: झाकून ठेवले आहे का, भिंतीकडे तोंड करून ठेवले आहे का, की त्यावर आता हत्यारे ठेवली जातात. आमच्या चित्रकर्तींनी बाजूला ठेवलेला तो डागाळलेला कागद मला अनेक आठवड्यांनी त्यांच्याच मेजावर दिसला. त्यांनी तो उलटा केला होता आणि नव्या चित्रासाठी मिसळलेले रंग त्याच्या कोऱ्या बाजूवर तपासत होत्या. लहान लहान पट्टे, एकाशेजारी एक. आमचा माहितीपट आम्ही त्या पट्ट्यांवर संपवला. तुमच्या शिल्पकारांनी ते लाकूड कुठे ठेवले आहे ते पाहून आलात की जरूर कळवा.